शर्मिष्ठाचं मौन

नाहूर, सोमवार

चि. मार्तंडला कुंदाताईचे आशीर्वाद.

आम्ही दोघी ठीक आहोत. पत्र अशासाठी की, मी तुला फोन लावला की तुझी भाची मध्ये बोलणारच, आणि डॉक्टरांनी तिला पंधरा दिवस एक शब्दही बोलायचा नाही म्हणून बजावलंय. गाऊन गाऊन स्वरयंत्रावर गाठ आली आहे. अशी गाठ बहुतेक साधीच असते, असं मी पुस्तकात वाचलं. बुधवारी घशात दुर्बीण घालून तपासतील. डॉक्टर "बघू" म्हणाले. ह्यांच्या वेळीही "बघू"च म्हणाले होते.

आईचे गुडघे कसे आहेत? तिला यातलं काही सांगू नकोस.

शनिवारी जुहूला शर्मिष्ठाचा जॅझचा कार्यक्रम आहे, सगळी गाणी तिनेच रचलेली. काल तिने वहीत लिहिलं, "माझ्या जागी ऋतिकाला गायला सांगू?" ऋतिका तिची शिष्या.

मी म्हटलं, "बुधवारपर्यंत थांब ना गं!"

ती थांबली नाही. आज सकाळी ऋतिका आली. शर्मिष्ठाने टेबलावर ठेका धरून, हाताने चढ-उतार दाखवत तिच्याकडून पहिलं गाणं बसवून घेतलं. ऋतिका गोड गायली रे. मी तिला चहासुद्धा विचारला नाही.

तुझी,
कुंदाताई