चार इंच जास्त

३ जून

ती. आईस, शि. सा. न. (आडवी पडूनच लिहितेय, साष्टांग आपोआप झाला.)

फोन उचलत नाही म्हणून रागावू नकोस. बोलायला तोंड उघडलं की उलटी येते. काल अठरा वेळा. पाणीसुद्धा टिकत नाही. प्रेसमध्ये शाईच्या वासाने मशीनवरच ओकले, तर साहेब म्हणाले, बाळंत होऊनच या. सासूबाई म्हणतात, नाटकं. डॉक्टर घड्याळाकडे बघत म्हणाला, सगळ्यांनाच होतं.

तुझी,
बादलीवाली

७ जून

चि. धाकटीस अ. आ.

अगं, तू पोटात होतीस तेव्हा मी दुकानात बसून दिवसाला आठ झगे शिवायचे. मन रमव. लिंबू हुंग. चौथा संपत आला, जुने कपडे होणार नाहीत आता. मापं पाठव, चार इंच जास्त धरून शिवते.

लोभ आहेच, तो वाढवू नकोस. वजन वाढव.

आई

११ जून

ती. आई, नमस्कार.

छाती तीस, कंबर चोवीस. लिंबू हुंगलं. त्याच्यावरच ओकले.

तुझी धाकटी

१४ जून

चि. धाकटीस आशीर्वाद.

टेप उलटा धरलास का गं? लग्नात तुझी कंबर अठ्ठावीस होती, मीच शिवलंय. इतकी वर्षं मापं घेतेय, चौथ्या महिन्यात कंबर उतरलेली बाई बघितली नाही. जावयांना नीट घ्यायला सांग.

आई

१७ जून

आई,

मापं त्यानेच घेतली. दोनदा. दुसऱ्यांदा टेप हातात धरून नुसता बसून राहिला. आज तेवीस आहे. लघवी विटकरी होते. सलाईन लावा म्हटलं, तर डॉक्टर म्हणाला, घरी आराम करा. सगळे सांगतात, बाळासाठी खा. मी कोण मग? ह्या बाळाचाही राग येतो मला, लिहूनच टाकते. तू माझ्या शब्दावर विश्वास ठेवला नाहीस. निदान स्वतःच्या टेपवर तरी ठेवायचास!

तुझी कुणीतरी

२० जून

धाकटे, आशीर्वाद समोर आल्यावर.

दुकानाला कुलूप लावलंय. ह्या पत्राचा फोटो जावयांच्या फोनवर टाकतेय, उद्या दुपारी मीच पोचते. आठ झगे शिवायचे हे खरं. मला हे झालंच नव्हतं, एवढं लिहायचं राहिलं. ह्याची माफी मागत नाही, तू देऊही नकोस इतक्यात.

त्या डॉक्टरसमोर टेप मी लावणार. घड्याळाकडे बघितलंन तर घड्याळ काढून घेईन. भरती केल्याशिवाय तिथून हलत नाही. सासूबाईंना सांग, नाटक बघायला त्यांनीही यावं.

एक झगा आणतेय. कंबर तेवीस. वर एक इंचसुद्धा धरलेला नाही.

आई