गुलाबपाण्याचा सापळा

११ जानेवारी २०२१, सँट्री

नरेंद्रवर सूड उगवायचा. ठरलं!

इथल्या मराठी मंडळाच्या ऑनलाइन व्याख्यानासाठी दोन महायुद्धांच्या काळातल्या, आपल्या देशातल्या बंदूक-कारखान्यांवर वर्षभर टिपणं काढली मी. अध्यक्ष म्हणून नरेंद्रने ती ‘नुसती बघायला’ मागितली. आज निमंत्रण आलं — विषय माझा, वक्ता नरेंद्र! फोन केला, तर म्हणे, “अरे, तू विनोदी लिहितोस. तुला बघूनच लोक हसतील. विषय गंभीर आहे. शेवटी तुझे आभार मानतो की. ग्रँड? चालेल ना?”

ग्रँड.

१४ जानेवारी

संक्रांत. तिळगूळ खाल्ला. गोड बोलणार नाही.

१९ जानेवारी

त्याला ‘सुधारित प्रत’ पाठवली. नळ्या सरळ करणाऱ्या कामगारांचा भाग खरा — बंदुकीची नळी खिडकीकडे धरायची, आतल्या सावलीची रेघ वाकडी दिसली की हातोडीचा ठोका, पुन्हा बघायचं. दिवसभर, एका डोळ्याने. त्याखाली एक वाक्य मी घुसडलं: रोज दुपारी कारखान्याचा डॉक्टर त्यांच्या डोळ्यांवर गुलाबपाण्याच्या पट्ट्या ठेवी. शुद्ध थाप! सगळ्यांसमोर विचारणार, “अध्यक्षमहाराज, याला आधार काय?”

बायको, उर्मिला, म्हणाली, “पन्नाशी उलटली तुझी. मोठा कधी होणार?”

त्याचं तोंड पडलेलं बघितल्यावर.

३१ जानेवारी

व्याख्यान झालं. पडद्यावर नरेंद्रच्या मागे खिडकीतून डून लेरीचा समुद्र, अंगात जाकीट. गुलाबपाण्यापाशी आवाजसुद्धा कापरा केला गड्याने! मी हात वर केला. पण आधी नंबर प्रभाकाकूंचा — देशातून गॉलवेला लेकाकडे आलेल्या, विमानं बंद म्हणून अडकलेल्या.

“काकू, म्यूट काढा!”

“काढलंय रे! ... माझे वडील हेच करायचे. नळ्या बघायचे. उजवा डोळा गेला त्यांचा. आई मरेपर्यंत म्हणायची, कारखान्यातलं कुत्रंसुद्धा फिरकलं नाही.” पदर डोळ्यांना. “पट्ट्या ठेवायचे होय? बरं वाटलं रे बाळा ऐकून.”

मग नरेंद्र मला — “हं, तुझा प्रश्न?”

“काही नाही. चुकून हात वर झाला.”

२ फेब्रुवारी

नरेंद्रचा फोन. “काकूंना ते वाक्य छापून हवंय, वडिलांच्या फोटोशेजारी लावायला. खरं आहे ना? आणि ऐक, खाली नाव तुझंच घालतो. चुकलंच माझं.”

“खरं आहे,” मी म्हणालो. “नाव तुझं राहू दे.”