युसुफसाठी सब्जा

प्रिय जुबेदा,

आज शुक्रवार. सकाळी तुझे हसनमियाँ आमच्या दारात आले. तू गेल्यापासून तुझ्या डब्यात लावलेल्या सब्ज्याला पाणी घालायचं कुणाला सुचलंच नाही, तो वाळला. "वहिनी, तुमच्याकडचा थोडा द्याल? आता दोन कबरींवर ठेवायचाय." मी दिला गं, आणि ते वळल्यावर मी कुंडीपाशीच बसून रडले. घरात कुणाला सांगू? म्हणून तुलाच लिहितेय.

माझ्या सब्ज्याचं बी तुझंच. मी ते तुळशीशेजारी लावलं, तर सासूबाई म्हणाल्या, "ही तर तुळशीची बहीणच!" किती हसलो होतो आपण! तुमच्यात बायका कबरस्तानात जात नाहीत. तू जुडी आधी गालाला लावायचीस, मग तुझ्या लेकराच्या, युसुफच्या कबरीसाठी हसनमियाँच्या हाती द्यायचीस.

फाळणीनंतर तुझे दीर कराचीला निघाले, तुलाही चल म्हणाले. "माझा पोर अंधेरीच्या मातीत हाय, त्याला टाकून कुठं जाऊ?" एवढंच बोललीस आणि तांदूळ निवडत बसलीस.

नळावर तू जन्नतच्या बागेचं सांगायचीस. दुधाच्या नद्या, मधाच्या नद्या, कधी न हटणारी सावली. गेलेली लेकरं तिथं खेळतात, आईची वाट बघतात. मी म्हणायची, "दुधात पाणी नसेल ना गं आपल्या भय्यासारखं?" एकदा विचारलं, "मला कोण आत सोडणार?" तू हंडा खाली ठेवलास. "मी हाय ना! दारातच बसून राहीन. तू आल्याबिगर आत पाऊल टाकायची नाय."

तू गेलीस त्या दिवशी मला काही सुधरेना. सवाष्ण गेली म्हणून मी चक्क हळदकुंकू घेऊन धावले! तुझ्या सासूने हात धरला. "बाय, आमच्यात नाय लावीत." रागावली नाही, उलट मलाच जवळ घेतलं. पण तुला निरोप कसा द्यायचा हेही मला ठाऊक नव्हतं, याचं फार वाईट वाटतं.

का गेलीस इतक्या लवकर? भांडायचं तरी कुणाशी आता?

दर शुक्रवारी दोन जुड्या जातील, मी सब्जा वाळू देणार नाही. पण तू हट्टी आहेस, खरंच दारात बसली असशील. मला इथं अजून पोरींची लग्नं करायचीत, सासूबाईंचं करायचंय. माझ्यासाठी थांबू नकोस, जुबेदा. आत जा. युसुफ केव्हाचा एकटा आहे.

तुझीच शेजारीण,
सुमन