मॉडच्या खोलीचं माप

प्रिय मॉड,

फेब्रुवारीत मी सहा वर्षांनी तुझ्या बर्मंडसीच्या खोलीवर आलो, तेव्हा तुला वाटलं, आजारी वॉल्टरला भेटायला आलोय. तू शेजारणीकडून खुर्ची मागून आणलीस, घरातलं एकुलतं एक अंडं मला उकडून दिलंस.

खरं सांगतो, मी खोली बघायला आलो होतो. नाटकाचं नेपथ्य सोडून सिनेमात येऊन मला वर्षही झालं नव्हतं. आमच्या मूकपटात गोदी कामगाराचं घर उभारायचं होतं आणि दिग्दर्शकानं माझी दोन चित्रं परत केली होती. "ही गरिबी नाटकातली वाटते," म्हणाला.

तू चहाचं पाणी आणायला खाली गेलीस, तसा मी खिशातली टेप काढून भिंत मोजायला लागलो. वॉल्टरनं डोळे उघडले.

"काय मेहुणे, शवपेटीचं माप घेताय? जिन्यातून उतरेल ना?"

मी हसलो. तोही हसला, मग खोकत राहिला. तुला तो काही बोलला नसावा.

त्याला पुरलं त्या दिवशी काम आहे म्हणून मी आलो नाही. काम म्हणजे, स्टुडिओत उभारलेल्या तुझ्या खोलीच्या भिंतीवर मी ओलीचे डाग रंगवत होतो.

वर्तमानपत्रांनी माझं कौतुक छापलं. मग तुझं पत्र आलं. "पडद्यावर आमचा पलंग दिसला आणि रडूच फुटलं. वॉल्टरसाठी केवढं केलंस रे!"

उत्तरात हे सगळं कबूल करायचं ठरवलं होतं. पण आज सकाळी टपालात टाकलं ते दुसरंच पत्र. त्यात लिहिलंय, "हो मॉड, त्याच्यासाठीच केलं."

तुझ्याकडे बघायची हिंमत नसलेला,
सेड्रिक