साहेबाचा डावा पाय

अब्बा, आज दुपारी जरा डोळा लागला आणि परंड्याच्या किल्ल्याजवळचं ते माळरान दिसलं. तुम्ही शाळेचे ड्रिलमास्तर, गळ्यात शिट्टी, आणि आम्ही पोरं तुमच्याभोवती मातीत बसलेलो. ऊन कलतंय, चेंडू तुमच्या मांडीवर आहे आणि तुम्ही साहेबाची गोष्ट सांगताय. सिकंदराबादच्या छावणीत तुम्ही ज्याचे बूट पुसायचात, तो साहेब आधी विलायतेत फुटबॉल खेळायचा. पहिल्या महायुद्धानंतर तो कोळशाच्या खाणीतून वर आला, गावच्या संघात डाव्या बाजूनं धावला, मग मोठ्या शहराच्या संघानं त्याला उचललं, आणि एकदा तर देशाचा सदराही त्याच्या अंगावर चढला. मग गुडघा गेला. "पुढं काय झालं, मास्तर?" माहीत असूनही आम्ही दर वेळी विचारायचो. "पुढं काय, बसला बाहेर. त्याला कुणी जित्तं केलंच न्हाय," तुम्ही म्हणायचात.

आम्हाला ते लगेच पटायचं, कारण आम्ही सगळे हुतुतूत वाढलेलो. बाद झालेला गडी रेषेबाहेर बसतो, आणि आपल्या बाजूनं समोरचा एक गडी बाद केला की जिवंत होऊन परत येतो. हेडमास्तरांना मात्र तुमचं हे विलायती खूळ पसंत नव्हतं. कळंबच्या शाळेशी सामना ठरला तेव्हा ते म्हणाले, हरलात तर चेंडू कपाटात जाईल. त्या चेंडूत तुमचा किती जीव अडकलाय ते मी घरात बघत होतो. अम्मी करवादायची, "पोराच्या डोक्याला तेल न्हाय, अन् चेंडूला रोज."

सामन्यात कळंबनं पहिला गोल केला आणि आपला गोलकीपर मुकाट्यानं रेषेबाहेर जाऊन बसला. आपल्यावर गोल झाला म्हणजे तो बाद, असा त्याचा सरळ हिशोब. तुम्ही धावत गेलात. "ऊठ की लेका, हितं मरत न्हाईत कुणी." तो शांतपणे म्हणाला, "आपला गोल हू द्या मास्तर, मग येतो." कळंबची पोरं पोट धरून हसत होती. मी डाव्या बाजूला होतो. साहेबानं तुम्हाला शिकवलेली, तुम्ही मला शिकवलेली ती डाव्या पायाची किक मी मारली आणि चेंडू आत गेला. गोलकीपर चड्डीची धूळ झटकत उठला आणि आपल्या जागी जाऊन उभा राहिला. पुढं आपण सपाटून हरलोच, आणि चेंडू कपाटात गेला. पण कळंबहून परत येताना एसटीत तुम्ही माझा डावा गुडघा चोळत बसला होतात. त्याला काही लागलं नव्हतं. खिडकीबाहेर ज्वारी डुलत होती. तुम्ही हळूच म्हणालात, "आज साहेब उठला रं."

तुमची फार आठवण येते, अब्बा. हा कागद टपालात पडणार नाही, तो कुठं पाठवायचा ते मला ठाऊक नाही. एवढंच सांगतो, नातवाचा चेंडू अंगणात पडलेला असला की कुणी बघत नाहीसं पाहून मी तो डाव्या पायानं भिंतीवर मारतो. आणि मारला की दाराकडं बघतो, तुम्ही धूळ झटकत आत येताय का.