एक बुडी कुमुदच्या नावाची

४ जानेवारी २००४, रविवार

सकाळी नऊला फोन वाजला. उचलला नाही. रविवारी नऊला येवल्याहून कुमुदशिवाय कोण करणार? लग्न झाल्यापासून दर रविवारी करते, आणि दर रविवारी मी ओट्यापाशी जाऊन पाठ करून उभी राहते. उभा जन्म टेलिफोन एक्स्चेंजमध्ये लोकांना लोक जोडून देण्यात गेला. ट्रंक कॉलच्या मधे तोंड घालून 'बोलणं चालू आहे का?' विचारण्यात गेला. आणि घरचा फोन वाजला की हात पुढे होत नाही.

उपमा केला. हाताला सवय दोघींच्या मापाची. रात्री परत तोच खाल्ला.

७ जाने. बुध.

ऑफिसात जोशीबाई : "अय्या, अंदमानला एकट्याच जाणार?"

हो, एकटीच. बुकिंग दोघींचं केलं होतं, सिंहस्थ संपल्या संपल्या. मुळात अंदमान हे कुमुदचं खूळ. पेपरात आलेला पाण्याखालच्या माशांचा रंगीत फोटो तिनं फ्रिजला चिकटवलाय, तो अजून तिथंच. मला पाणी बादलीतलं बरं. ती म्हणायची, तोंडात नळी धरायची नि नुसतं तरंगायचं, म्हशीलासुद्धा जमेल.

मग खालच्या मजल्यावरच्या वैशालीचे वडील मोतीबिंदूच्या ऑपरेशनला आले. येवल्याचे रिटायर्ड सर, बायको जाऊन सहा वर्षं झालेली. वैशाली नोकरीला, म्हणून दुपारचे थेंब घालायला कु. जायची. थेंब घालता घालता पन्नाशीत लग्न. माणूस वाईट नाही. वाईट असता तर किती सोपं झालं असतं.

टूर रद्द करणार होते. पण एलटीसी मंजूर झालीय, आणि रद्द केली तर का केली ते तिला बरोब्बर कळेल. जाणार.

१० जाने. शनि.

टूरवाल्यांचा फोन. "मॅडम, तुमच्या पार्टनर कॅन्सल झाल्यात, तर रूमला दुसऱ्या एक लेडीज देतोय, चालेल ना?"

पार्टनर! शब्द बरा आहे. चोवीस वर्षं एका घरात राहिलो, तरी आम्हाला कुठला शब्द कधी सापडला नाही. लोक विचारायचे, बहिणी का? कधी हो म्हणायचो, कधी नाही. नवरा गेला तर लोक भेटायला येतात, शेजारचे डबा आणून देतात. मैत्रीण लग्न करून गेली तर लोक पेढे मागतात. मी वाटलेसुद्धा. सातपूरच्या त्या मिठाईवाल्याकडून आणून, हसत हसत. घरी येऊन भांडी आपटली.

११ जाने. रवि.

फोन आला. वाजू दिला. आज लवकर थांबला. तेच जास्त लागलं.

१६ जाने. शुक्र.

संध्याकाळी बेल. दारात कु. काळी साडी, गळ्यात हलव्याचा हार! पहिली संक्रांत म्हणून वैशालीनं खाली हळदीकुंकू केलेलं, नव्या नवरीला सजवलेलं. एक्कावन्नाव्या वर्षी. इतर वेळी दोघी पोट धरधरून हसलो असतो. तिच्या ओठांच्या कडा हलत होत्या, मी हसते का बघत होती. मी हसले नाही.

"तिळगूळ घे, गोड बोल."

घेतला. बोलले नाही. 'आत ये' सुद्धा म्हटलं नाही. तिच्याच घरात तिला आत ये म्हणायची वेळ यावी?

"उद्या निघतेस ना? पोहायचे कपडे वरच्या कप्प्यात आहेत. माझेही ने, एक जोडी ओली राहते."

मी तिळगूळ दाराशेजारच्या फळीवर ठेवला.

"नले, माझ्या नावाची एक बुडी मार तिथं. सिंहस्थात मी तुझी मारली होती."

खरं आहे. पर्वण्यांची गर्दी ओसरल्यावर आम्ही रामकुंडावर गेलो होतो. मी पायरीवर बसून चपला नि पिशवी राखत होते. ही उतरली, तिच्या आईच्या नावाची मारली, वडिलांच्या नावाची मारली, मग माझ्याकडे बघून ओरडली, "ही नलूची, ती भित्री आहे!" घाटावरची सगळी माणसं हसली.

खालून वैशालीनं हाक मारली. गेली. हलव्याचा एक दाणा उंबऱ्यात पडला होता. मुंग्या लागायच्या आधी उचलला.

१८ जाने., मद्रासची गाडी

लोक अजून मद्रासच म्हणतात. ग्रुप मोठा, सगळी जोडपी. टूर मॅनेजरनं डब्यात सगळ्यांना ओळख करून द्यायला लावली. "आम्ही नाशिकचे, लग्नाला तीस वर्षं, दोन मुलगे." माझी पाळी आली. "नलिनी गोरे, टेलिफोन्स." पुढं काय ते सगळे वाट बघत राहिले. पुढं काही नाही म्हटल्यावर एकानं टाळ्या वाजवल्या.

रूम पार्टनर : भागाबाई, पिंपळगावकडच्या. द्राक्षबागा, नातवंडं, नऊवारी. मी मावशी म्हणते. मला म्याडम म्हणतात. "म्याडम, मी लय घोरते हां, आधीच सांगून ठेवते."

आज रविवार. नऊ वाजता खिडकीत बसले होते. घरी वाजत असेल.

२० जाने. मंगळ. पोर्ट ब्लेअर

विमानातून खाली हिरवे ठिपके नि भोवती फिकट निळं पाणी. शेजारी बोट लावून दाखवायला कुणी नाही.

दुपारी सेल्युलर जेल. कोठड्यांपुढं सगळे रडले. मीही रडले, पण माझं निम्मं भलत्याच गोष्टीसाठी होतं. देवा, क्षमा कर.

२१ जाने. बुध. नॉर्थ बे

बोटीनं पलीकडच्या किनाऱ्यावर. गॉगल, नळी, लाइफ जॅकेट, पाण्यात गाइड. सगळी जोडपी टणाटण उतरली. मी गुडघाभर पाण्यात गेले, गॉगल लावला, वाकले, नाकानं श्वास घ्यायला गेले. नाक तर बंद! ठसका, धडपड, पळत बाहेर.

मग बसले वाळूत. "मॅडम, जरा आमच्या पिशव्या बघाल?" "मॅडम, हे घड्याळ…" तासाभरात माझ्याभोवती चपलांचा ढीग. मी जिथं जाईन तिथं चपलाच राखणार. स्वतःचाच एवढा राग आला की कुणाची तरी एक स्लीपर पाण्यात भिरकावली. लाटेनं परत आणून दिली.

२३ जाने. शुक्र. हॅवलॉक. एलिफंट बीच

आज लिहायला पुष्कळ आहे.

गाइड तपनदा, इथलाच बंगाली, पन्नाशीचा, पाण्यात राहून कातडं चिवट झालेलं, हिंदी बंगाली वळणाची. एक रबरी टायर, त्याला धरून दोघं, आणि तो पुढं ओढत नेणार. नवरा-बायको, नवरा-बायको करत सगळे गेले. उरलो मी आणि भागामावशी. त्या नऊवारीतच, कासोटा घट्ट करून, वरून भगवं जॅकेट. मी म्हटलं, मी थांबते, चपला बघते.

"चपलांना काय वाघ खातोय व्हय? चला!" दंडाला धरून ओढलंच.

मावशींना नळी धरता येईना. "धरायला दात कुठं हायेत?" कवळी हॉटेलवर. मग तपनदानं नुसता गॉगल लावून दिला. त्या दम कोंडून बुड्या मारायला लागल्या, आणि प्रत्येक बुडीआधी मोठ्यानं नाव. "ही थोरल्याची! ही धाकट्या सुनंची, तिला लय हौस! ही आमच्या मालकांची, वरनं बघा म्हनावं!" एक म्हशीच्या नावाचीही मारली, मागच्या साली गेलेल्या. तपनदाला काही कळत नव्हतं, तो प्रत्येक नावाला "अच्छा, अच्छा" करत होता.

"म्याडम, तुमची कुनाची नाय मारायची?"

मी टायर दोन्ही हातांनी आवळून धरलेला. पायाखाली वाळू नाही. म्हटलं, "एकीची आहे. पण मी रागावलेय तिच्यावर."

"राग घरी गेल्यावर करा की! बुडीला राग चालत नाय. नाव घ्या."

नाव म्हणजे पूर्ण घ्यायचं ना? कुमुद पुढं काय? जुनं आडनाव की नवं? मावशी बघतायत, तपनदा बघतोय. शेवटी नुसतं "कुमे" म्हटलं, नळी दातात धरली आणि तोंड खाली घातलं.

आधी काहीच नाही. नुसता माझा श्वास, मोठ्यानं. पलीकडचं माणूस बोलायचं थांबलं की हेडफोनमध्ये आपलाच श्वास ऐकू यायचा, तसा. मग डोळे उघडले.

कसं लिहू. फ्रिजवरचा फोटो काहीच नाही. पोवळ्यांची जांभळी, मातकट झुडपं, आणि त्यांच्यातून मासे, कळपानं, एकटे, काळेपिवळे पट्टेवाले. एक मोठा हिरवा वळला की निळा दिसायचा, पुन्हा हिरवा. कु.साठी येवल्याला पैठणी घ्यायला गेलो होतो, दुकानदारानं पदर उजेडात फिरवून दाखवला होता, तसा. तो मासा तोंडानं पोवळं कुरतडत होता आणि त्याचा कर्रकर्र आवाज मला ऐकू येत होता. माशाचा आवाज! हे तिला माहीत असेल का?

फार छान म्हणून तपनदाला अंगठा दाखवला. त्यानं मला खस्सकन वर ओढलं. "क्या हुआ?" काही नाही, छान आहे म्हणत होते. "अंगूठा मतलब ऊपर जाना, दीदी!" पुन्हा खाली. पुन्हा तो हिरवा मासा, पुन्हा माझा अंगठा, पुन्हा वर. तिसऱ्यांदा त्यानं माझी मूठच धरून ठेवली.

बाहेर आले तेव्हा गॉगलमध्ये पाणी. "लीक है क्या?" म्हणून तो गॉगल उलटापालटा करून बघत बसला. म्हटलं, हां, लीक है.

२४ जाने. शनि. राधानगर बीच

सूर्यास्त बघायला पांढऱ्या वाळूवर जोडप्याजोडप्यानं बसलेले. मावशी दमून हॉटेलवर झोपल्यात. मी एका आडव्या झाडावर बसले.

मासा कुरतडतो ते कुणाला सांगू? टूरमध्ये सगळ्यांनीच पाहिलंय. ऑफिसात जोशीबाईला सांगितलं तर म्हणेल, खाल्लेत का पण? मला ते एकाच माणसाला सांगायचंय. बघितलेलं पोटात ठेवून फिरणं फार जड जातं. मला तिची आठवण येते. लिहून टाकलं.

परत येताना बाजारात एसटीडी बूथ दिसला. आत गेले. येवल्याचा कोड फिरवला, पुढचा नंबर नाही. बूथवाला म्हणाला, लाइन नहीं लग रही? लाइन चांगली होती.

२९ जाने. गुरु. नाशिक

घर. कुबट वास. फ्रिजवरचा फोटो काढावासा वाटला, मग वाटलं राहू दे.

नाशिकरोडला भागामावशींना घ्यायला दोन मुलं, गाडी. येताना रेल्वेत त्यांना रामकुंडावरची बुडी सांगून टाकली होती. निघताना माझा हात धरून म्हणाल्या, "द्राक्षं खायला या. आन् तुमच्या त्या मैत्रिणीला सांगा, तिनं तुमची मारली, तुम्ही तिची मारली, फिटंफाट झाली. आता राग सोडा."

चांगल्या मनानं म्हणाल्या. पण रिक्षात बसल्यापासून तोच एक शब्द डोक्यात घोळतोय. फिटंफाट. म्हणजे तिचं माझ्याकडे काही नाही, माझं तिच्याकडे काही नाही. तिचे सर, तिची येवल्याची खोली, तुळस, वैशालीची मुलं. माझी नोकरी, उपमा. दोघी मोकळ्या.

मला मोकळं व्हायचं नाही.

१ फेब्रुवारी, रविवार

पावणेनऊला रवा भाजायला घेतला. नऊला वाजला. गॅस बारीक केला, हात पुसले, उचलला.

"नले?" तिला पटेना. "नले, तूच ना?"

"मीच. दुसरं कोण असणार इथं?"

मग तिचे प्रश्न. प्रवास कसा झाला. बरा. सोबत कोण होतं. एक मावशी, घोरणाऱ्या. मासे दिसले? दिसले. अगं मग सांग ना! सांगितलं. हिरव्याचा निळा होतो ते, कुरतडल्याचा आवाज, अंगठा, तपनदा. ती इतकी हसली की मागून सरांनी विचारलं, काय झालं. "काही नाही हो, नलू आहे!" असं म्हणाली. फार दिवसांनी कुणीतरी असं म्हणालं.

मग म्हणाली, "आणि माझ्या नावाची मारलीस ना?"

हो अगदी जिभेवर आलं होतं.

"नाही," म्हटलं. "ते नाही जमलं."

"मासे बघितलेस आणि माझी बुडी नाही मारलीस?"

"नाही. तुझी राहिली. तुला यावं लागेल."

मला तिच्या बांगड्या वाजलेल्या ऐकू आल्या, नव्या, काचेच्या. खोटं कळलं असेल का? माझं खोटं तिला नेहमी कळतं. ती येईन म्हणाली नाही, नाही येणार असंही म्हणाली नाही. मागं कुणीतरी नळ सोडला, बंद केला. मला राहवेना. जुनी सवय, तोंडातून गेलंच, "बोलणं चालू आहे का?"

"चालू आहे," ती म्हणाली. "कट करू नकोस."

नाही केला. उपमा मात्र खाली लागला.