उघाडीच्या फळ्या

बाबा, या श्रावणातल्या अमावस्येला सकाळी मी आत्याच्या स्वयंपाकघरातून खाडी उपसत होतो. रात्रीची भरती गटारातून वर चढून तिच्या चुलीपर्यंत आली होती, आणि ओहोटी लागली तरी उंबऱ्याच्या आत अडकलेलं पाणी जायला तयार नव्हतं. मी पातेल्याने बादली भरत होतो, ती बाहेर ओतत होती. तुझी धाकटी बहीण आता कमरेत वाकली आहे, जीभ मात्र तशीच आहे. ओट्याखालच्या चिखलातून एक निवटी मासळी टुणकन उडाली, तशी आत्या म्हणाली, "बग, म्हावरा घरपोच आला. आता निस्ता तेल तापवाचा." मी हसलो. ती नाही हसली. "तुजे बापाचा बांध लय मजबूत रं. तुजा भात सुका, न् माजी चूल वली."

मी पुढची बादली भरली. पाणी कुठून येतं हे मला तूच शिकवलं होतंस. शाळेत मी खाडीचा नकाशा काढला होता, सगळा निळा. तू तो उलटसुलट करून पाहिलास. "येवरा निला पानी कंदी बगलास तू?" दुसऱ्या दिवशी ओहोटीला तू मला चिखलात घेऊन गेलास. आपण पोटरीपर्यंत रुतत चाललो आहोत, दूर कर्नाळ्याचा सुळका, मागे तिवरांची हिरवी रांग, आणि भरतीला जिथे होड्या फिरतात तिथे बगळे उभे आहेत. तू म्हणतोस, आपली खाडी म्हणजे परात. परातीत तांब्याभर पाणी ओतलं तर तळ जेमतेम ओला होतो. तेच पाणी पेल्यात ओत, बाहेर सांडेल.

बाबा, परातीचा आता पेला झाला आहे. पलीकडचा डोंगर कापला आणि त्याचीच माती खाडीत पडली. तिवरं होती तिथे रस्ता आहे, मिठागरं होती तिथे इमारती. उधाणाचं पाणी पूर्वी जिथे पसरून निजायचं, ती जागाच उरली नाही. मग ते गल्लीत येतं. सगळ्या काठावर सखल आणि मोकळं असं एकच उरलं होतं, तुझं भाताचं शेत. आणि तिथे तुझा बांध उभा होता.

तो बांध मी कसा विसरेन? भादव्यातल्या एका दुपारी त्याला खांड पडली, तेव्हा अख्खं गाव धावलं होतं. चिखलाचे गोळे हातोहात पुढे जात होते आणि तू खांडीत पाण्याकडे पाठ करून उभा होतास, मागून चिखल बसेपर्यंत हललाच नाहीस. बांधातलं पाण्याचं दार ती उघाडी, तिच्या फळ्या आपल्याच घराने लावायच्या आणि काढायच्या, ही गावाची रीत. भरतीचं खारं पाणी अडवायचं, ओहोटीला पावसाचं सोडायचं. अंथरुणावर पडलास तेव्हाही तू माझ्याबद्दल काही विचारलं नाहीस. विचारलंस ते एवढंच, "फल्या लावल्यास ना?"

खाऱ्या पाण्याने शेत मरतं, हे मला कोणी सांगायला नको. एकदा आत शिरलं की कित्येक पावसाळे मिठाला धुऊ शकत नाहीत. म्हणून फळ्या काढून खाडी शेतात घेऊ का, असं मी देवापुढे दिवा लावून रोज विचारत राहिलो, आणि उत्तर मिळत नाही असं स्वतःला सांगत राहिलो. पुढच्या पौर्णिमेला आत्याच्या घरात पुन्हा पाणी आलं. तिने बोलावलं नाही. मी गेलो तर ती खाटेवर पाय वर घेऊन बसली होती, तांदळाचा डबा मांडीवर. "तुजा भाऊ असता त काय केला असता?" मी विचारलं. "त्यानं बांध आजून वर केला असता," ती म्हणाली. "पन तो मेलाय. तू जिता हाईस."

भात कापून होईपर्यंत मी थांबलो. पहिली लोंबी दरवर्षीसारखी देवाला वाहिली. काल सकाळी ओहोटीला एकटाच उघाडीवर गेलो, खाडीकडे तोंड करून हात जोडले आणि फळ्या काढायला लागलो. वरच्या सहज निघाल्या. सगळ्यात खालची निघेना. तूच ठोकून बसवलेली, पाण्याने फुगलेली. पहारीने रेटलं, गुडघ्यावर बसून ओढलं, देवाचं नाव घेतलं. हात सोलले. दुपारची भरती तोंडाशी येऊ लागली होती.

हे मी आत्यालाही सांगितलेलं नाही, आणि या कागदाला कुठला पत्ता नाही म्हणूनच लिहितो. मी तुला शिवी दिली, बाबा. आईवरून, मोठ्याने, त्या उघड्या खाडीत. जन्मात पहिल्यांदा. मग ती फळी निघाली.